सुक्या बांगड्याचा वास

आमच्या मांजरीला पडसं झालं आणि त्यात ती गेली. पण खरं सांगायचं तर तिला मीच मारलं. पोरवय होतं, म्हणतात सगळे. दहा वर्षांची होते, म्हणून काय झालं? हट्ट तर माझाच होता ना!

बाबांना ती मिठागरावरच्या खोपटात सापडली होती. जेवताना माझ्या पाटाशी बसून हातातला घास खायची, रात्री माझ्या पायाशी निजायची. त्या श्रावणात तिला शिंका सुरू झाल्या. नाक चिकट्यानं गच्च बंद, डोळे चिपडांनी भरलेले, श्वास घेताना घुरघुर. मी चुलीजवळ गोणपाट टाकून तिला निजवायची, लुगड्याची चिंधी कोमट पाण्यात बुडवून नाक पुसायची आणि पुढ्यात दूधभात ठेवायची. ती तोंड फिरवायची.

"खा ना गं बये!" मी रडतरडत ओरडायची. तीन दिवसांत तिनं शीत तोंडात घेतलं नाही.

डॉक्टरकडे नेऊ म्हटलं तर आई म्हणाली, "येडी हायस काय? मांजरीला कुठला डाक्टर?"

मग मी शंकराच्या देवळात जाऊन नवस बोलले. हिला बरी कर, सबंध श्रावण मी मासळी खाणार नाही, घरात तिचा वाससुद्धा येऊ देणार नाही. आई श्रावण पाळायची, पण मी लबाड. शेजारच्या मावशी बेने इस्रायल, म्हणजे ज्यू; त्यांच्याकडे श्रावण नसायचा, तिथे जाऊन सुकी मासळी हाणून यायची. सोडण्यासारखं माझ्याकडे तेवढंच होतं.

चौथ्या दिवशी मावशीच आल्या. हातात केळीच्या पानावर निखाऱ्यांवर भाजलेला सुका बांगडा. म्हणाल्या, "अगं, नाक बंद आहे तिचं. वास येत नाही म्हणून खात नाही. हा उग्र आहे, नाकाशी धर."

त्यांनी पान खाली ठेवलं. मांजरीनं मान उचलली. तीन दिवसांत पहिल्यांदा! तिचं नाक हललं, जीभ बाहेर आली.

आणि मी पान हिसकावलं. "माझा नवस मोडेल!" म्हणत परसात धावले आणि बांगडा कावळ्यांना टाकला. मावशी म्हणाल्या, "देवाला कळतं गं पोरी सगळं." मी ऐकलं नाही. देवाचं काम म्हणून आईनंही मला अडवलं नाही.

सहाव्या दिवशी सकाळी ती गोणपाटावर ताठ झालेली होती. बाबांनी तिला परसातच पुरलं. तरी उरलेला श्रावण मी मासळीला शिवले नाही. कुणासाठी, ते मलाच ठाऊक नव्हतं.

श्रावण संपल्यावर आईनं बांगडा भाजला. वास घरभर झाला. मी पाटावर बसले, पहिला तुकडा मोडला आणि नेहमीसारखा हात खाली नेला. तो तुकडा कुणी घेतला नाही, तेव्हा मी आईच्या मांडीत तोंड खुपसलं आणि हंबरडा फोडला.