गुंडुरावांचे निळे हात

आमच्या गल्लीतले गुंडुराव श्रावणापासून स्वतःची बोटं मोजू लागले. दूध घेताना, बसस्टॉपवर, देवासमोरसुद्धा. मी लगेच गल्लीभर बातमी पसरवली की हेब्बाळच्या कारखान्यातलं स्टोअर सुटलं, पण स्टोअरकीपरची मोजदाद काही सुटत नाही.

“आज किती भरली?” मी कुंपणावरून विचारायचे.

“दहाच, सिंधूबाई. म्हणजे मी जागा आहे.”

खरं कारण त्यांच्या नातीने, स्पंदनाने सांगितलं. तिने त्यांना मोबाईलवर एक रील दाखवलं होतं. दिवसभर बोटं मोजत राहिलं की ती सवय स्वप्नातही उतरते. तिथे बोटं भलतीच दिसतात, मग आपण स्वप्नात आहोत हे कळतं आणि पुढे हवं ते करता येतं. रीलमधली पोरं स्वप्नात उडत होती. गुंडुरावांना बायकोला एक गोष्ट विचारायची होती.

अंबाबाईंना जाऊन दोन वर्षं झाली. शेवटी घशात नळी होती, बोलता येईना. त्यांनी नवऱ्याच्या तळहातावर बोटाने काहीतरी लिहिलं. यांना ते कळलं नाही. म्हणाले, “उद्या सांग.” पहाटे त्या गेल्या.

हे कळल्यावर मी टोमणे कमी केले. बंद केले असते तर त्यांना संशय आला असता.

दसरा झाल्यावर एका दुपारी ते झोपेतून उठून थेट कुंपणाशी आले.

“अंबा दिसली.”

“बोटं किती होती?”

“मोजलीच नाहीत. माझे हात मनगटापर्यंत निळे. लहानपणी अप्पांच्या निळीच्या हौदात बुडवायचो ना, तसे.” त्यांचं घराणं कापड रंगवणाऱ्यांचं, धंदा अप्पांबरोबरच संपला. “बघितलं नि समजलं, हे कनस आहे, स्वप्न आहे. ती समोर अवरेच्या शेंगा सोलत बसलेली.”

“मग विचारलंत?”

“इल्ला, नाही विचारलं.”

“अहो, एवढे महिने बोटं मोजून?”

“स्वप्न माझं, हे कळलं होतं की. मग ती जे बोलणार ते मीच वदवणार. तिचं कसं होणार ते?” त्यांनी कुंपणावर कोपर टेकलं. “शेजारी बसून शेंगा सोलल्या. दाण्यांना सगळी नीळ लागली. रागावली नाही हो. खरी अंबा असती तर हात धुवायला उठवलं असतं.”

दुसऱ्या दिवशी दुधाच्या रांगेत त्यांचे हात खिशात होते.