सतीच्या बुरुजावरची अर्धी भाकरी

या सदरातले अनुभव मी आजवर नावं ठेवायलाच वाचत आले. कुणाला अमावस्येला पांढरी साडी दिसते, कुणाच्या गाडीत मागच्या सीटवर कुणीतरी बसलेलं असतं... वाचायचं, हसायचं आणि मैत्रिणींपुढे एकेक मुद्दा खोडून काढायचा. अशा गोष्टींवर माझा विश्वास नव्हता. आजही नाही, हे आधीच सांगते.

माझे वडील शिरोली एमआयडीसीत फाउंड्रीत कामाला होते आणि उरलेल्या वेळात पत्रकं काढायचे. हुंडा, बुवाबाजी, विधवांचं कुंकू – विषय कुठलाही असो, खालची ओळ ठरलेली: 'पुरावा मागा.' शिल्लक राहिलेल्या पत्रकांच्या कोऱ्या पाठीवर मी बाराखडी गिरवली आणि पाढे लिहिले. आमच्या घरात देव्हारा नव्हता, पत्रकांचे गठ्ठे होते. चार वर्षांपूर्वी बाबा गेले. जायच्या आधी त्यांनी आईला दोनदा बजावलं होतं, टिकली काढायची नाही. आईनं काढली नाही.

हे सगळं सांगायचं कारण, पुढं जे झालं त्यात ती टिकली आहे.

आईनं समुद्र बघितला नव्हता. बाबा दरवर्षी 'पुढच्या वर्षी जाऊ' म्हणायचे. म्हणून गेल्या जानेवारीत मी एका टूरवाल्याकडे आम्हा दोघींची नावं दिली. कोकण किनाऱ्यावरची ऐतिहासिक गावं, एका दिवसात, गाइडसह. पहाटे कोल्हापूरच्या शाहूपुरीतून ट्रॅव्हलर निघायची, राधानगरी, फोंडा घाट करत खाली उतरायचं, विजयदुर्ग बघायचा आणि मग देवगड तालुक्यातलं एक 'अपरिचित बंदर'. त्या बंदराचं नाव मी मुद्दाम देत नाही. दिलं, तर पुढच्या पौर्णिमेला तिथं नारळ-अगरबत्तीचं दुकान लागेल. खाडीच्या तोंडाशी टेकडी आहे, टेकडीवर पडका तट आहे आणि तटाच्या टोकाला जांभ्या दगडाचा एकच धड उरलेला बुरुज. वर जायला एकच पायवाट. एवढं पुरे.

गाइड आमच्याच कोल्हापूरचा, तिशीतला. खरं सांगायचं तर माणूस गोड होता. गाडी निघाल्यापासून माइकवरून त्याची टकळी चालू – 'ओ पावणं, पिशव्या मांडीवर घ्या, घाटात गाडी तुमचं ऐकत न्हाई.' आणि घाट लागल्यावर मळमळायला लागलं ते नेमकं त्यालाच. सगळे हसले. आईनं पिशवीतून आवळासुपारी काढून त्याला दिली, डोळे मिटून बसायला सांगितलं. तेव्हापासून तो तिला मावशी म्हणायला लागला.

विजयदुर्ग झाला. आईनं समुद्र बघितला. मी विचारलं, कसा वाटला? म्हणाली, "लई मोठा हाय." एवढंच, पण पाण्याकडून तिची नजर हलेना.

दुपारी बाराच्या सुमारास आम्ही त्या बुरुजावर पोचलो. ऊन रणरणत होतं. जेवण खाली गावातल्या खानावळीत, पण 'त्याआधी एक छोटासा कार्यक्रम' – असं म्हणून गाइडनं पिशवीतून ताटं काढली. खण, नारळ, तांदूळ, हळदकुंकू. सतीच्या बुरुजाची ओटी. टूरमध्येच धरलेली! ऐतिहासिक सहलीत हा प्रकार कुठून आला, हे मी विचारणारच होते, पण तोवर त्यानं बायकांच्या हातात ताटं दिलीसुद्धा. आईच्याही. टिकली बघूनच दिलं असणार. मी गप्प राहिले, कारण आई ताटाकडे बघून जरा हसली होती. बाबा गेल्यापासून आमच्या गल्लीतली हळदकुंकवाची बोलावणी बंद झाली होती. ठराव करून विधवा प्रथा बंद करणारी गावं आमच्याच जिल्ह्यात आहेत, पण ठराव गल्लीपर्यंत पोचायला वेळ लागतो.

मग गाइड मोबाइल सरसावून म्हणाला, मावशी, काकांना बोलवा की, जोडीनं फोटो काढू.

"ते न्हाईत," आई म्हणाली. "तीन वर्सं झाली."

त्यानं तिच्या कपाळाकडे बघितलं. मग पुढं झाला आणि आवाज बारीक केला. पण कॉलरला लावलेला माइक चालूच होता. सगळ्यांनी ऐकलं.

"मावशी, मग ताट द्या हिकडं. हे सवाष्णींचंच असतंय. राग मानू नगा."

आणि ताट तिच्या हातातून काढून घेतलं. घाटात ज्या हातानं आवळासुपारी घेतली, त्याच हातानं. शेजारी सुनंदाकाकू उभ्या होत्या – त्यांचं भांड्यांचं दुकान आहे, येताना आईशी सख्ख्या बहिणीसारख्या बोलत आल्या होत्या. त्यांच्या हातात एक ताट होतंच, त्यावर त्यानं हे दुसरं ठेवलं. त्यांनी खाली बघितलं, पण ठेवून घेतलं.

 आई मी सावलीला बसते म्हणाली आणि बुरुजाला वळसा घालून समुद्राच्या बाजूला गेली.

मी मात्र गप्प बसले नाही. हा नियम कुणाचा, म्हणून विचारलं. तो म्हणाला, ताई, माझं काय न्हाई, रीत हाय. रीत कुणी घातली? तर म्हणे, सतीनंच. आणि माइक पुन्हा चढवून त्यानं सगळ्यांना गोष्ट सांगायला सुरुवात केली. बुरुज बांधला की ढासळायचा. किल्लेदाराला स्वप्न पडलं, सवाष्ण पाहिजे. मग गवंड्याची बायको अंगावर शालू नेसून, हातात पूजेचं ताट घेऊन, हसत हसत दारात शिरली आणि खुद्द नवऱ्यानं शेवटचा चिरा बसवून दार बंद केलं. त्यागाची परंपरा वगैरे. आणि सवाष्ण गेली म्हणून सवाष्णींचाच मान.

मी विचारलं, तिचं नाव काय?

त्याला किल्लेदाराचं नाव माहीत होतं. तोफेचं नाव माहीत होतं, दोनच मिनिटांपूर्वी त्यानं सांगितलं होतं.

"नाव न्हाय माहीत. सतीच म्हणायचं."

मग माझा आवाज चढला. मी म्हणाले, ही गोष्ट प्रत्येक ढासळलेल्या भिंतीपाशी सांगतात, हिला पुरावा काय? घडली नसेल, तर न घडलेल्या गोष्टीसाठी माझ्या आईच्या हातातलं ताट काढलंत. आणि घडली असेल, तर हा खून आहे. खुनाच्या जागेवर खण-नारळ वाहता आणि वर कोण वाहील त्याची निवड करता? कुणीतरी मोबाइलवर आमचं भांडण शूट करायला लागलं. सुनंदाकाकू म्हणाल्या, अगं सोड की, फिरायला आलोय आपण. त्यांच्या हातात दोन ताटं होती, म्हणून मी त्यांच्याकडे बघितलंच नाही.

तेवढ्यात आई आली.

पदर दोन्ही हातांत धरलेला, पोटाशी. ओटी भरून घेतलेली बाई धरते तसा. चेहरा शांत.

"हे काय?" मी विचारलं.

"दारात बाई बसलीय न्हवं, तिनं भरली."

पदरात अर्धी भाकरी होती. वर हिरव्या मिरचीचा खर्डा.

मी म्हणाले, ओटीत भाकरी कोण घालतं?

"तिच्याजवळ तेवढंच हुतं," आई म्हणाली.

मग तिनं सांगितलं. बुरुजाच्या मागच्या बाजूला बुटकं दार आहे, त्याच्या उंबऱ्यावर बाई बसलेली. साधं लुगडं, हाताला पीठ लागलेलं. आईला बघून म्हणाली, 'जेवलासा का?' आई नाही म्हणाली. मग बाईनं भाकरी मोडली, अर्धी आईच्या पदरात घातली आणि अर्धी पुन्हा झाकून ठेवली. 'कारभारी अजून जेवायला आलं न्हाईत,' म्हणाली.

"आपल्याकडचीच हाय बघ," आई मला म्हणाली. "बोलण्यावरनं कळतंय की."

गाइड जवळ आला होता. त्याचा आवाज एकदम उतरला. "मावशी... हितं कारभारी कोण म्हणंल? हितं नवऱ्याला घोव म्हणत्यात."

त्यानं सांगितलेली दाराची गोष्ट आईनं ऐकली नव्हती. वारा समुद्राकडून होता, माइकचा छोटा स्पीकर आमच्या बाजूला, आणि ती बुरुजाच्या पलीकडे. ऐकली असती तरी त्या गोष्टीत शालू होता, पूजेचं ताट होतं. भाकरी नव्हती.

मी आईला घेऊन मागे गेले. आमच्यामागे सगळेच आले. तिथं चिऱ्यावर चिरा बसवलेली सलग भिंत होती. सांध्यांतून वाळलेलं गवत. खाली खडक आणि पाणी. आई म्हणाली, हितंच... आणि तिथंच थांबली. भिंतीवरून तिनं हात फिरवला. एवढंच केलं. मग माझ्याकडे बघून अगदी साध्या आवाजात म्हणाली, "उंबरा हुता गं."

मी भाकरी हातात घेतली. ऊन होती. उन्हानं तापलेली वस्तू आणि तव्यावरून उतरलेली भाकरी यांतला फरक कोल्हापूरच्या मुलीला सांगायला लागत नाही. पापुद्रा सुटलेला, खालच्या बाजूला चुलीची राख. आणि भाकरी शाळूची, आमच्याकडच्या ज्वारीची.

पुरावा मागा! मी मागितला. गाडीतल्या एकेकाला विचारलं, डब्यात भाकरी कुणी आणली होती का? चपात्या निघाल्या, भडंग निघालं, सुनंदाकाकूंकडे दशम्या होत्या. भाकरी कुणाकडेच नव्हती. खानावळीतल्या बाईंना विचारलं, त्यांनी माझ्याकडे वेड्यासारखं बघितलं – त्यांच्याकडे भाकरी तांदळाची, फार तर नाचण्याची. शाळूचं पीठ गावात मिळतच नाही म्हणाल्या. मग मला वाटलं, घाटावरून आलेल्या कामगारांपैकी कुणी बाई असेल. हा माझा सगळ्यात चांगला तर्क. पण तिथं रस्त्याचं काम नव्हतं, बांधकाम नव्हतं, घाटावरचं कुणीही नव्हतं. आणि वर यायची एकुलती एक पायवाट आमच्या समोरून जात होती. कुणी आलं नाही, कुणी गेलं नाही.

गाडी परतीला लागली तेव्हा आईनं ती अर्धी भाकरी मोडून सगळ्यांना वाटली. नखाएवढे तुकडे. सुनंदाकाकूंनी आपला तुकडा कपाळाला लावून खाल्ला आणि न वाहिलेल्या ओटीतल्या दोन नारळांपैकी एक गुपचूप आईच्या मांडीवर ठेवला. आईनं तो त्यांना परत दिला नाही. ते मला बरं वाटलं.

पण आईनं गाइडलाही तुकडा दिला. मी तिचा हात धरला, याला कशाला? ती म्हणाली, "त्यो तरी कुठं जेवलाय धड?" तो उभ्यानंच तुकडा खाऊन समोर जाऊन बसला. कोल्हापूर येईपर्यंत माइकला त्यानं हात लावला नाही. उतरताना आईच्या पाया पडायला वाकला. आई म्हणाली, पाया पडू नगंस, ताट काढून घेत जाऊ नगंस कुणाचं.

घाट चढताना मी आईला त्याची गोष्ट सांगितली होती. बुरुज, स्वप्न, गवंडी. शेवटचा चिरा नवऱ्यानंच बसवला, हेही सांगितलं. आई राधानगरीपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिली.

आता तुम्ही विचाराल, याचं स्पष्टीकरण काय? माझ्याकडे नाही. आईला भास झाला म्हणावं, तर भाकरी मी खाल्ली आहे. खर्डा झणझणीत होता. वर्षभर मी शोधते आहे, आणि ज्याला सुचेल त्यानं जरूर कळवावं, मी वाद घालायला तयार आहे. पण एक सांगते. या सदराचं नाव 'अमानवीय अनुभव' आहे म्हणून मी इथं लिहितेय, आणि लिहिताना मला कळत नाहीये की त्यातला अमानवीय भाग कुठला. एका उपाशी बाईनं दुसऱ्या उपाशी बाईला अर्धी भाकरी दिली, तो? की भर दुपारी, गाडीभर शहाण्या माणसांदेखत, माझ्या आईच्या हातातलं ताट काढून घेतलं गेलं आणि त्यातला एकही जण बोलला नाही, तो?

आई म्हणते, कुणाचं काही घेतलं की हात रिकामा ठेवू नये. तिची अर्धी भाकरी आपल्याकडे आलीय, ती परत द्यायला पाहिजे. मी यावर तिच्याशी बरंच भांडले. मग येत्या रविवारची देवगड एसटी बघून ठेवली. टूर नको, गाइड नको.

काल रात्री तिनं डब्यातलं शाळूचं पीठ चाळून ठेवलं. म्हणाली, एक अख्खी भाकरी नेऊ, तिला पुरंल.

मी म्हणाले, आणि कारभाऱ्यांची?

आई पिठाचा हात झटकत म्हणाली, "त्याचं त्यो बघून घिईल."