चिंगीची वाळू

वाचनालयात किस्से जुन्या वर्तमानपत्रांसारखे साठत जातात. कुणी मागत नाही आणि टाकवतही नाहीत! बी.ए. होऊन मी इंदापूरच्या वाचनालयात ग्रंथपाल म्हणून लागले, त्या पहिल्याच महिन्यातला हा.

*

माझ्या आधीचे ग्रंथपाल आबा नुकतेच वारले होते. उंदरांसाठी त्यांनी पाळलेली चिंगी मात्र तिथंच होती. तिच्या 'त्या' कामासाठी आबांच्या टेबलाखाली वाळूचं घमेलं असे. कमिटीवरचे तात्या म्हणजे आबांचे बालमित्र. त्यांनी तेराव्यालाच ते घमेलं ओढ्यावर टाकून दिलं.

"मेलेल्या माणसाची वस्तू ठिवू न्हाय!"

"मग त्यांचा चष्मा तुम्ही कसा लावलाय, तात्या?"

"त्याबिगर मला दिसत न्हाय!"

*

मी चहाचं रिकामं खोकं आणून त्यात नवी वाळू भरली. चिंगीनं ते हुंगलं आणि तडक ताज्या पेपरवर जाऊन 'ते' काम उरकलं. तात्यांनी तो उघडायच्या आधीच!

"आठ दिवस," तात्या गरजले. "न्हाय सुधारली, तर पोत्यात घालून भीमेपल्याड!"

"खुर्ची दुरुस्त करायला तुमच्या कमिटीला दोन वर्षं लागतात. मांजराला आठच दिवस?"

*

झाडलोट करणाऱ्या हौसाबाई म्हणाल्या, "ताई, नव्यात मूठभर जुनी वाळू टाका. वास वळकला की जाती."

दोघी ओढ्यावर गेलो. घमेलं काट्यांत सरळ बसलेलं. आतली वाळू तळहात फिरवल्यासारखी सपाट. तिच्यावर बोटांचे चरे होते, फक्त मधल्या बोटाची जागा कोरी.

"पोरं खेळली असतील," मी म्हटलं.

हौसाबाईंनी पदर डोक्यावर ओढला. "आबांचं मधलं बोट उसाच्या चरकात गेलं हुतं, ताई. रोज अशीच सपाट करायचे ते."

अंधश्रद्धा! मी दोन मुठी उचलून आणल्या.

*

चिंगी त्याच दिवशी खोक्यात गेली. मांजर वाळूचा ढीग करतं, हे कुणालाही ठाऊक आहे. पण दुपारी बारा ते तीन वाचनालय बंद असे, आणि तीनला कुलूप काढलं की वाळू सपाट, वर बोटांचे तेच चरे, मधली जागा कोरी. रोज! मी तात्यांना तोंडावर विचारलं, "दुसरी किल्ली तुमच्याकडे आहे ना?"

*

आठव्या दिवशी तात्या लालबुंद होऊन आले. "माझं नाव घेतीस व्हय, पोरी?" दुसरी किल्ली माझ्यापुढं आपटली आणि खोक्यात स्वतःचा पंजा दाबला. पाचही बोटं ठसठशीत उमटली. "आता बघू!"

चिंगीला आत ठेवून मी कुलूप लावलं. दोन्ही किल्ल्या हौसाबाईंच्या कनवटीला. तिघंही पायरीवर बसून राहिलो. मधे एकदा आतून चिंगीची घुरघुर आली, मांडीवर घेतल्यावर येते तशी. हौसाबाईंनी कनवटीच्या किल्ल्या चाचपल्या.

तीनला दार उघडलं.

तात्यांचा पंजा पुसला गेला होता. वाळू सपाट. मधली जागा कोरी.

तात्यांनी चष्मा काढला, घडी घालून आबांच्या टेबलावर ठेवला.

"बरं आबा," ते रिकाम्या खुर्चीला म्हणाले, "ऱ्हाऊ दे तुझी चिंगी."