गुळाची माणसं

आमच्या घरात कॉलेजात जाणारी मी पहिलीच. त्यामुळे कलेबद्दल लिहिताना धाकधूक होते. पण जळोचीत आमच्या शेजारी राहणाऱ्या ताईचं काम मी जवळून पाहिलं, तेवढंच सांगते.

ताई इंदापूरच्या शाळेत चित्रकला शिकवायची. सुट्टीला टेपरेकॉर्डर घेऊन फिरायची, पंपांचे, उसाच्या चरकांचे आवाज भरून आणायची आणि ते लावून गच्चीवर संथ हालचाली करायची. नाच म्हणावा तर नाच नव्हे. चित्रकार म्हणायचे, हे नाटक आहे. नाटकवाले म्हणायचे, तुम्ही चित्रकार. शेवटी पुण्याच्या एका प्रदर्शनाने कळवलं, कामाचे फोटो पाठवा, मग ठरवू.

"हेही नाही म्हणाले, तर मुकाट्याने फुलदाण्या काढत बसेन," ताई म्हणाली. ती हसली नाही.

मग कोऱ्हाळ्याच्या एका गुऱ्हाळावर तिने गुळाची माणसं घडवली, गुडघ्याएवढी. त्यांच्यावर भोक पाडलेली मडकी टांगली. ठिबकत्या पाण्याने माणसं विरघळणार, खालच्या पांढऱ्या कापडावर ओघळांचं चित्र होणार, टेपवर काहिलीत उकळणाऱ्या रसाचा आवाज आणि ताई त्यांच्यामधून फिरणार. उसना आणलेला कॅमेरा माझ्याकडे होता.

गावकरी जमले. पाणी ठिबकू लागलं. सगळे माना पुढे काढून बघू लागले. गुऱ्हाळाचे मालक आबा तेवढे चुळबुळत होते.

"पोरी, गूळ भिजतोय की!"

"भिजू द्या, आबा. तेच करायचंय."

"व्हय, पर पाव्हणं कोरड्या तोंडानं बसल्यात. हितं असं कधी झालं न्हाय."

गुऱ्हाळावर आलेल्याला गूळ दिल्याशिवाय कुणी परत पाठवत नाही. ताईला हे ठाऊक होतं, पण कामाच्या नादात ती विसरली होती. आबा उठले, एका माणसाचा हात मोडला आणि शेजारच्या म्हातारीला दिला. मग कुणी खांदा घेतला, कुणी गुडघा.

"मला डोकं नगं बया, आमच्या ह्यांच्यासारखंच दिसतंय," एक बाई म्हणाली आणि हशा पिकला.

मी घाबरून कॅमेरा खाली केला. ताई म्हातारीच्या चिकट हनुवटीकडे बघत होती. मग तिने स्वतःच एक पाय मोडला, पोरांना वाटायला घेतला आणि माझ्यावर ओरडली, "अगं, काढ की फोटो!"

फोटोंत गुळाची माणसं थोडी आणि चिकट हनुवट्याच जास्त आल्या. तेच पाठवले. पुण्याहून होकार आला.

पुण्यात ताईने नवी माणसं घडवून मांडली, तर लोक हात मागे बांधून लांबूनच बघत होते. गुळाला कुणी शिवेना. ताईने माझ्याकडे पाहिलं. मी पुढे झाले, एक कान मोडला आणि जाड चष्म्याच्या एका गृहस्थांपुढे धरला. "घ्या ना." त्यांनी इकडेतिकडे पाहत तोंडात टाकला आणि थोड्या वेळाने दुसरा कान मागितला. मग मात्र गर्दी पुढे सरकली.

संयोजक ताईजवळ आले. "पाटीवर काय लिहू, शिल्प की नाट्य?"

"गूळ लिहा," ताई म्हणाली.

पुढे तिने कडब्याचं काम केलं, दुधाच्या कॅनचं केलं. शाळाही सोडली नाही. पाटीचा प्रश्न दर वेळी यायचा आणि समोर जे असेल त्याचंच नाव ती सांगायची.