झिंगे-सॉसेजचं सारण

बायकोच्या तोंडाची चव गेली त्याला दोन महिने झाले होते. टायफॉईड झाला, आठ दिवस इथं लातूरच्याच एका दवाखान्यात सलाईन लावून पडली, ताप उतरला, घरी आली. चव मात्र आली नाही. वरण द्या, पिठलं द्या, तिच्या आवडीचे धपाटे द्या, दोन घास झाले की ताट सरकवायची आणि म्हणायची, माती खाल्ल्यावानी लागतंय. हातातल्या बांगड्या कोपरापर्यंत सरकू लागल्या. डॉक्टर म्हणाले, रिपोर्ट सगळे चांगले आहेत, पथ्यही आता काही नाही, फक्त यांनी खाल्लं पाहिजे. असंच चाललं तर पुन्हा भरती करावं लागेल. बाहेर आल्यावर मी त्या डॉक्टरला मनातल्या मनात लई शिव्या दिल्या. खाल्लं पाहिजे हे मलाही कळतंय की बाबा, खाऊ कसं घालू ते सांग ना.

मी घाबरलो की माझा आवाज चढतो, हा माझा जुना रोग. "खा की, काय नखरे लावलेत," असं तिच्यावर खेकसायचो आणि मग लाज वाटून मागच्या अंगणात जाऊन झाडांना पाणी घालत बसायचो. त्या दोन महिन्यांत आमची जास्वंद पाण्यानं कुजून गेली.

ती दिवसभर पडून मोबाईलवर स्वयंपाकाचे व्हिडिओ बघायची. ज्याला जेवण नको त्याला दुसऱ्याचं जेवण बघायला एवढं का आवडावं, मला काही उमगलं नाही. एका दुपारी मी चहा घेऊन गेलो तर पडद्यावर कुठलीशी परदेशी बाई मोठ्या भांड्यात पावाचा चुरा, झिंगे आणि सॉसेजचे तुकडे कालवत होती. ते सारण तिनं एका अख्ख्या कोंबडीत ठासून भरलं आणि कोंबडी भट्टीत सारली. बायको बराच वेळ बघत राहिली. मग मला म्हणाली, "कसं लागत असंल हो हे?"

बास, एवढंच. मागितलं नाही, करा म्हणाली नाही. पण दोन महिन्यांत खाण्याबद्दल तिच्या तोंडून निघालेला हा पहिला सवाल होता. मी चहा तिथंच ठेवला आणि तडक गच्चीवर जाऊन नांदेडला लेकीला फोन लावला. म्हणालो, झिंगे पाहिजेत, ताजे, कसंही कर.

आता माझ्या स्वयंपाकाविषयी सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळायचं नाही. मला भाकरी येत नाही, तिच्या आजारपणात शेजारच्या वहिनी भाकरी-वरण पोचवायच्या; चहा बरा येतो. पण मटण म्हणाल तर आमच्या नायगावकडच्या मूळ खेड्यात माझं नाव आहे. गावाबाहेर दर्गा आहे, तिथं नवस फेडायला आम्हा शेतकऱ्यांच्या घरची कंदुरी असते. बकरं कापायचं, दर्ग्याजवळच चूल मांडायची, गडीमाणसांनीच शिजवायचं आणि पिराला नैवेद्य दाखवून सगळ्या गावानं जेवायचं. नैवेद्य दाखवल्याशिवाय कुणीही जिभेला काही लावायचं नाही, शिजवणाऱ्यानं तर अजिबात नाही. वासावर आणि रंगावर काम चालतं. मीठ मुठीनं पडतं, आणि पडलं ते पडलं. मी विसाव्या वर्षापासून ह्या चुलीवर आहे आणि माझ्या हातचं मीठ कधी चुकलं नाही, हे मी कुणालाही छातीवर हात ठेवून सांगतो. बायको म्हणायची, घरी कुठं पीर बसलाय, घरी तरी चाखून बघत जावा. मी कधी ऐकलं नाही. हात थरथरणाऱ्यांनी चाखावं, असं म्हणायचो.

बुधवारी जावई कामासाठी लातूरला येणार होते. लेकीनं त्यांच्याच हाती डबा दिला. जावयाला घरी बोलवून पाटावर बसवायचं सोडून मी त्यांना नांदेडहून एसटीत झिंगे वाहायला लावले. माझ्या सासऱ्यानं हे बघितलं असतं तर मला उंबऱ्याच्या आत घेतलं नसतं. निम्म्या वाटेत बर्फ वितळला, वास सुटला, शेजारचा माणूस उठून मागच्या सीटवर गेला. जावई मात्र डबा मांडीवर घेऊन बसले होते. मला डबा देताना एवढंच म्हणाले की मामी जेवल्या की फोन करा. भला माणूस. मी त्यांना आजवर कधी सांगितलं नाही, म्हणून इथं लिहून ठेवतो.

लेकीनं फोनवर सांगितलं होतं की टिकावेत म्हणून झिंग्यांना मीठ आणि हळद चांगली चोळून दिलीय. मी हाव हाव म्हणालो. माझं ध्यान तेव्हा सॉसेजकडं होतं. लातुरात ते एका मोठ्या दुकानाच्या फ्रिजरमध्ये मिळालं. कोंबडीचं होतं. बोटाएवढ्या गुलाबी कांड्या, प्लास्टिकमध्ये गच्च बांधलेल्या. दुकानदाराला विचारलं, हे कच्चं की शिजलेलं? तो म्हणाला, शिजलेलं, मसाला घातलेलं, नुसतं गरम करायचं काका. मीठही घातलेलं असणार, हे त्यानं सांगितलं नाही आणि मला सुचलं नाही. सुचणार कसं? आमच्या चुलीवर जे येतं ते कच्चं आणि अळणी येतं.

आमच्या स्वयंपाकघरात देव आहेत, त्यामुळं वशट, म्हणजे मटण-मासळी, मागच्या अंगणातच होतं. तिथं तीन दगडांची चूल आहे. बायकोला बाजेवर बसवलं, पाठीशी उशी दिली. ती म्हणाली, कशाला एवढा खटाटोप, मला दोन घास पण जायचे न्हाईत. मी म्हणालो, तू गप बस, तुला कोण देतंय, मी माझ्यासाठी करून राहिलो. आतून माझी अवस्था बिकट होती. तिनं हेही सरकवलं असतं तर माझ्याकडं दुसरा इलाज नव्हता.

अख्खी कोंबडी आणि भट्टी हे आपल्याला जमणारं नव्हतं. म्हणून ठरवलं, भरल्या वांग्यासारखं करायचं, पण वांग्याऐवजी शिमला मिरची. आठ मोठ्या मिरच्या बघून आणल्या होत्या. देठाकडून कापून आतलं बी काढलं. झिंगे सोलले, पाठीवरचा काळा दोरा ओढून काढला. त्यात माझी दुपार गेली, डोळ्यांना आता तेवढं दिसत नाही. धुतले म्हणजे एकदा पाण्यातून काढले, जास्त धुतलं तर गोडी जाईल असं वाटलं. कढईत तेल, त्यात कांदा, मग पंधरा-वीस पाकळ्या लसूण ठेचून. सॉसेजच्या चकत्या पडल्या आणि तेलाला तांबूस रंग सुटला. मग झिंगे. ते आक्रसून गोल झाले तसा असा वास उठला की शेजारच्या वहिनींनी भिंतीवरून डोकं काढून विचारलं, काय करायलाव? म्हणालो, इलायती वांगं. त्या बिचाऱ्या विश्वास ठेवून आत गेल्या.

पावाचा चुरा घातला, कोथिंबीर घातली, उन्हाळ्यात बायकोनंच कुटलेला येसर मसाला चमचाभर घातला. व्हिडिओतल्या बाईकडं येसर नव्हता, तिचं नशीब. आणि मग मिठाचा डबा उघडला, मूठ भरली आणि जिंदगीभर टाकत आलो तसं मीठ टाकलं. मिरच्या ठासून भरल्या, कढईत उभ्या लावल्या, वर झाकण, झाकणावर निखारे. वास घेतला. वास अव्वल होता. गर्वानं माझी मान ताठ झाली.

एक मिरची ताटलीत घालून तिच्यापुढं धरली. तिनं माझ्याकडं बघितलं, जावयाच्या त्या प्रवासाची आठवण ठेवून की काय, एक तुकडा मोडला आणि तोंडात घातला. मी चिमटा हातात धरून उभा.

तिचं तोंड वेडंवाकडं झालं. "आगं आई गं. किती खारट केलंय हे! आवो, मीठ हाय की काय हाय?"

मला आधी राग आला. खारट? माझ्या हातचं? पंचेचाळीस वर्षांत गावात एकानं तोंड उघडलं नाही. मी ताडकन दुसरी मिरची फोडली आणि घास तोंडात टाकला. बाप रे. जीभच भाजली. समुद्र प्यायल्यागत झालं. आणि तो घास गिळता गिळता माझ्या डोक्यात लख्ख पडलं की ही खारट म्हणाली. माती म्हणाली नाही.

मी काय केलं ते सांगतो. चेहरा एकदम सरळ ठेवला आणि म्हणालो, "कुठं खारट? मला तर उलट अळणी लागायलंय."

ती चवताळली. आजारपणात एवढी चढलेली मी तिला बघितली नव्हती. म्हणाली, तुमची जीभ गेली का काय? मी म्हणालो, नीट खाऊन बघ, एका घासात काय कळतं. तिनं दुसरा घास घेतला, मला खोटं पाडायला. म्हणाली खारटच हाय. मी म्हणालो, तू मिरचीच्या कडेचं खाल्लंस, मधलं खा. तिनं मधलं खाल्लं. म्हणाली, हे तर त्याहून खारट. मी म्हणालो, दुसऱ्या मिरचीत कमी असंल. तिनं दुसरी मिरची फोडली. मी हटलो नाही, ती हटली नाही. अशी दीड मिरची तिनं निव्वळ मला हरवायला खाल्ली, वर तांब्याभर पाणी प्याली. कोर्टात साक्ष देत असल्यासारखी घासागणिक पुरावा मांडत होती.

शेवटी म्हणाली, "चाखून बघितलं होतं का? खरं सांगा. मीठ पडलंय हे तरी कळायलंय का तुम्हाला?"

"मला न्हाई कळलं," मी म्हणालो. "तुला कळलं ना?"

तिनं हातातल्या घासाकडं बघितलं. तिनं तो सावकाश तोंडात घातला, बराच वेळ चावला. मग हळू आवाजात म्हणाली, लसूण लागून राहिलाय. पुन्हा एक तुकडा घेतला. म्हणाली, येसर पण लागतोय, आपलाच हाय ना? आणि थोड्या वेळानं, झिंगा तुम्ही जरा जास्त शिजवलाव.

मी रडलो. उगीच आडवळणानं कशाला सांगू, अंगणात उभ्या उभ्या, हातात चिमटा धरून, पासष्ट वर्षांचा गडी मी हमसून हमसून रडलो. शेजारच्या वहिनी पुन्हा भिंतीवर आल्या असतील तर त्यांनी ते बघितलंही असेल. असू दे.

"रडता काय असं," बायको म्हणाली आणि बाजेवरून पाय खाली सोडले. "टोपल्यातल्या सकाळच्या दोन भाकरी आणा. त्यात मीठ न्हाई, कुस्करून कालवते म्हंजे खारट कमी होईल. आणि लवकर आणा. मला भूक लागलीय."