उपाशी राहिलेली ज्वारी

ती घटना आठवली की आधी दाणा भरत आलेल्या ज्वारीचा वास येतो. ठाण्यातले कागद मागाहून आठवतात. दुसरे महायुद्ध सुरू व्हायला अजून अवकाश होता. मी धारवाड तालुक्यात नवा फौजदार होतो. आमच्या घरात मॅट्रिकच्या पुढे गेलेला मी पहिलाच. गावच्या शाळेतल्या मास्तरांनी हाताला धरून पुढे ढकलले, म्हणून पदवी मिळाली आणि अंगावर खाकी आली. जे काही आहे ते सगळे कायद्याच्या पुस्तकात आहे, असे मला तेव्हा मनापासून वाटे.

अळणावरच्या वाटेवरील एका गावच्या पंचायतीची तक्रार आली. गावच्या गायरानाच्या एका अंगाला एका विधवा बाईचे शेत होते, दुसऱ्या अंगाला पंचायतीच्या अध्यक्षांचे. गायरान चाळीस पावले कमी भरत होते. बाईने हद्दीचा दगड सरकवून तेवढी जमीन बळकावली, असा आरोप होता. त्या चाळीस पावलांत तिची विहीर होती. विहीर गेली तर मिरचीचा मळा जाणार, आणि गुन्हा शाबीत झाला तर बाई तुरुंगात. सरकारी मोजणीदार सुगीनंतर येणार होता. पंचायत मात्र आठवड्याभरात ताबा घ्यायला निघाली होती.

चावडीत बाईचा जबाब घेतला.

"अक्का, दगड कुणी हलवला?"

"साहेब, त्यो दगड उचलाय चार गडी लागत्यात. माझ्या घरात मी आन् एक म्हस. म्हशीला इचारा."

हवालदार हसला. मी नवा होतो, म्हणून हसलो नाही.

अध्यक्षांची उत्तरे मात्र तयार होती. दोन साक्षीदार, नकाशाची नीट घडी, बोलणे गोड. "पंचायतीचं काम आहे, साहेब. मला काय गायरान घरी न्यायचंय?" दोन तास विचारूनही एक शब्द इकडचा तिकडे झाला नाही. इतका बिनचूक जबाब मी त्यानंतरही फार थोडे पाहिले. खरे बोलणारा माणूस कुठेतरी अडखळतोच.

परतताना हवालदार सायकल ढकलत म्हणाला, "उद्या शिगी हुण्णिवी. अध्यक्षांनी जेवायला बोलावलंय न्हवं? जावा की."

"फिर्यादीकडे जेवायला?"

"घरी नाही हो, शेतात. जेवा आणि नुसतं बघत बसा."

कोजागरीला आमच्याकडे शिगी हुण्णिवी म्हणतात. पिकात दाणा भरत असतो, म्हणून त्या दिवशी भुईला गरोदर मानतात आणि तिचे डोहाळे पुरवतात. बैलगाडीतून जेवण शेतात जाते. पूजा झाली की कुस्करलेल्या अन्नाची टोपली घेऊन मालक शेतभर फिरतो आणि 'हुल्लुल्लिगो' अशी आरोळी देत घास उधळतो. त्याला चरगा म्हणतात. चरगा आपल्या शेतात कणभरही चुकवायचा नाही, आणि आपल्या हद्दीबाहेर टाकायचा नाही.

ठाणे डायरीत 'स्थळपाहणी' अशी नोंद करून मी गेलो. आंब्याखाली कडबू, भाकरी, भरली वांगी झाली. वारा पडला होता. उन्हे कलली तसे सगळे शिवार पिवळसर धुक्यात तरंगू लागले. कुठल्या शेतातून कोण ओरडते ते कळेना. "हुल्लुल्लिगो! हुल्लुल्लिगो!" जणू जमीनच झोपेत बोलत होती. मी फौजदार आहे हेही घटकाभर विसरलो.

अध्यक्ष टोपली घेऊन निघाले. मी मागून चाललो. त्यांची ज्वारी गायरानाकडच्या चुना लावलेल्या दगडापर्यंत उभी होती. ते घास उधळत, ओरडत जात होते. आणि भर पिकात, काही खूण नसताना, एकाएकी वळले. मी वळलो नाही. पावले मोजत दगडापर्यंत गेलो. चाळीस.

परत येऊन विचारले, "अण्णा, एवढ्या ज्वारीला उपाशी का ठेवलंत?"

त्यांनी टोपली खाली ठेवली. मग हलकेच म्हणाले, "पाय वळले, साहेब. कागदाला मी भीत नाही. हिला भितो. पोटुशीच्या ताटात खोटं कसं वाढू?"

मग त्यांनी सगळे कबूल केले. दोन वर्षांमागे त्यांनीच आपला दगड गायरानात सरकवला होता. गायरान कमी पडल्याची कुरबूर गावात सुरू झाली, तेव्हा बोट बाईकडे वळवले. दुसऱ्या दिवशी सकाळी ते वळले तिथे पंचांसमक्ष खणले. हातभर खाली कोळसा निघाला. जुन्या मोजणीत हद्दीच्या दगडाखाली कोळसा पुरत, कारण तो कुजत नाही. पंचनामा झाला, खटला उभा राहिला, अध्यक्षांना शिक्षा झाली. विहीर बाईची राहिली.

पण मला जे शिकायला मिळाले ते खणण्याच्या आदल्या संध्याकाळीच. चंद्र वर येत होता. सगळे ऐकून बाई गायरान ओलांडून आली, कमरेवर तिच्या चरग्याची टोपली. मला वाटले, आता शिव्यांची लाखोली वाहणार. ती त्या चाळीस पावलांच्या ज्वारीत शिरली आणि उरलेला चरगा उधळू लागली.

मी म्हणालो, "अक्का, ही जमीन तुमची नव्हे."

"न्हाई की. गावाची हाय," ती न थांबता म्हणाली. "म्हनून काय तिनं उपाशी ऱ्हावं?"

पुढे तीस वर्षे जमिनीचे तंटे हाताळले. जमीन कुणाची, हे मी कागदावरून ठरवत आलो, आणि ते ठरवावेच लागते. पण वादाच्या जागी पोहोचलो की आधी मुकाट्याने बघत राहायचो, तिथे घास टाकताना कुणाचा हात अडखळतो, आणि कुणाचा अडखळत नाही.