कानातली हाक

संग्रहालयाच्या तळमजल्यावर, खिडकी नसलेल्या खोलीत, दिवसभर हेडफोन लावून बसणारी बाई म्हणजे हाकाऱ्याची थोरली लेक. माणूस भिऊन आजारी पडला की त्याचा जीव अंगातून निघून वाट चुकतो, त्याला हाका मारून परत आणावा लागतो, असं तिच्या समाजात मानत. हे काम करणारा तो हाकाऱ्या. तिचे वडील त्यांतले शेवटचे. त्यांच्या हाका संग्रहालयाने ध्वनिमुद्रित करून ठेवल्या होत्या. त्या कागदावर उतरवायला बोली जाणणारं माणूस हवं होतं, म्हणून तिला नोकरी लागली. "बापाचं ओरडणं लेकीच्या पथ्यावर पडलं," असं आत्या येईल त्याला सांगायची.

आता तेच वडील अंथरुणाला खिळले होते. डॉक्टरांनी हात टेकले होते. म्हाताऱ्याचा एकच धोशा, "मला हाक द्या. जीव लांब नाही गेला अजून."

पण देणार कोण? तिने संग्रहालयाच्या साहेबांच्या मिनतवाऱ्या करून हाका ऐकवणारं यंत्र घरी आणलं आणि वडिलांच्या उशाशी लावलं. म्हातारा स्वतःचाच आवाज ऐकत पडून राहिला. मग म्हणाला, "ही तर शिंपिणीला दिलेली हाक. ती बिचारी केव्हाच गेली. तिला कशाला उठवतेस?"

तिने यंत्र बंद केलं. हाकेचे शब्द तिला तोंडपाठ होते, नाव तेवढं बदलायचं होतं. पण शेवटी हाकाऱ्या वाकून आजाऱ्याच्या कानात काहीतरी कुजबुजतो, ते एकाही ध्वनिमुद्रणात उमटलं नव्हतं. तिथे ती दरवेळी 'ऐकू येत नाही' असं लिहून पुढे जायची. साहेबांनी त्याबद्दल कधी विचारलं नाही, आणि तिनेही.

वडिलांनी ते शिकवलं होतं फक्त तिच्या धाकट्या भावाला. तो जहाजावर स्वयंपाकी. नाना खटपटी करून फोन लागला.

"ताई, खरं सांगू? विसरलो गं."

"आठव रे! जरा डोक्याला ताण दे."

"शपथ, काही आठवत नाही. तूच म्हण ना कायतरी. त्यांना कुठे कळणार आहे!"

"मेल्या, जन्मभर ज्यांनी हेच केलं त्यांना कळणार नाही?"

पलीकडून हुंदका ऐकू आला आणि फोन तुटला.

ती वडिलांपाशी येऊन बसली. "बाबा, तुम्हीच सांगा ना, कानात काय म्हणायचं?"

"खुळी का तू? आजाऱ्याने ते तोंडातून काढलं की जीव बिथरतो. मग तो कुणाच्या बापाला ऐकत नाही."

"मग मी करू काय?"



तिने दार लोटून घेतलं आणि हाक द्यायला सुरुवात केली. आवाज चिरकत होता, पण शब्द चुकत नव्हते. एका ठिकाणी वडिलांनी बोट हलवून 'सावकाश' अशी खूण केली, तेव्हा तिला भडभडून आलं. ती सावकाश म्हणू लागली. हाक संपत आली तशी म्हाताऱ्याने महाकष्टाने मान वळवली आणि कान पुढे केला.

ती वाकली.

"हं, बोल," म्हातारा म्हणाला.

ती सरळ झाली आणि तिने हाक पुन्हा पहिल्यापासून सुरू केली.